माल्कम बटलर : एका चेंडूचा धनी?

पायपोस (धागाकर्ता)

मंडळी, काल रात्री जेवताना आमच्या घरी जुंपली. निवाडा तुम्ही करा.

आमचे चिरंजीव वय वर्षे पंधरा. शाळेच्या फुटबॉल संघात (अमेरिकन, अंड्याच्या आकाराच्या चेंडूचा) कोचने त्याला कॉर्नरबॅक (समोरच्याकडे येणारा पास अडवणारा, कडेचा बचावपटू) केलंय. अंगाने चिपाड, पण पाय चपळ, म्हणून. तेव्हापासून घरात उठता-बसता माल्कम बटलर. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: १ फेब्रुवारी २०१५, ॲरिझोनातलं ग्लेंडेल, सुपरबोल (लीगचा अंतिम सामना). न्यू इंग्लंड पेट्रियट्स २८, सिअ‍ॅटल सीहॉक्स २४. खेळ संपायला २६ सेकंद, सिअ‍ॅटल गोलरेषेपासून एका यार्डावर. तिथे त्यांनी पास टाकला आणि पहिल्याच मोसमातला हा पोरगा मध्ये घुसून चेंडू घेऊन गेला. कप आमच्याकडे. आम्ही बॉस्टनच्या जवळ राहतो, त्यामुळे 'आमच्याकडे'.

मी एवढंच म्हणालो की अरे, तो एका चेंडूचा धनी. आमच्या हृषीकेश कानिटकरने ढाक्याला शेवटच्या षटकात सकलेनला चौकार मारला, तसलं प्रकरण. आधी काय केलं, पुढे काय केलं, कोणाला आठवतं? चिरंजीव अर्धी पोळी ताटात टाकून उठले. "बाबा, तुला कॉर्नरमधलं काही कळत नाही," असं ऐकवून वर गेले.

तर सांगा, माझं काय चुकलं?

निवांत

पहिला! पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

कसब्यातला

बटलर कोण ते माहीत नाही, पण कानिटकरांच्या बाबतीत तीव्र निषेध. दोन कसोट्या, चौतीस वनडे, प्रथम श्रेणीत दहा हजारांवर धावा. राजस्थानसारख्या संघाला प्लेट (खालच्या) गटातून वर काढून २०१०-११ची रणजी जिंकून दिली आणि पुढच्या वर्षी परत जिंकून दिली. कर्णधार म्हणून, लागोपाठ. आणि तुम्हाला आठवतो १९९८चा चौकार. कानिटकर एका चौकाराचे नाहीत, तुमची आठवण एका चौकाराची आहे. मुलाचं बरोबर आहे.

पायपोस

@कसब्यातला, पुण्याची माणसं पहिल्याच प्रतिसादात फाडणार याची कल्पना होती. कृहघ्या (कृपया हलके घ्या).

हिंजवडी_नाईटशिफ्ट

हा सामना मी ऑफिसात बसून पाहिलाय. आपल्याकडे २ तारखेची सोमवार सकाळ, साडेआठ वाजत आलेले. आमचा क्लायंट सिअ‍ॅटलचा. एका खिडकीत सर्व्हरचा डॅशबोर्ड, दुसरीत सामना. त्यांच्या दिवसाच्या पहिल्या कॉलवर चौदा जण होते आणि कोणी बोलेना. एकाने फक्त विचारलं, "एनी ब्लॉकर्स?" आणि स्वतःच फोन ठेवला. त्या आठवड्यात आम्हाला एकही एस्कलेशन आलं नाही.

रच्याकने (जाता जाता), सगळे म्हणतात सिअ‍ॅटलने मूर्खपणा केला, मार्शॉन लिंचसारखा चेंडू घेऊन घुसणारा बैल हाताशी असताना पास कशाला टाकला. हिशेब करा. सेकंद २६, डाउन (प्रयत्न) तीन, टाइमआउट एकच. तिन्ही वेळा चेंडू घेऊन पळायचं म्हटलं तर घड्याळ पुरत नाही. एकदा पास टाकायचाच होता. पास खाली पडला तर घड्याळ थांबतं, फुकटात एक प्रयत्न मिळतो. आणि त्या मोसमात एक यार्डावरून अख्ख्या लीगमध्ये शंभराहून जास्त पास टाकले गेले होते, त्यातला एकही तोपर्यंत इंटरसेप्ट झाला नव्हता, म्हणजे बचावपटूने मध्येच पकडला नव्हता. एकही नाही. म्हणजे निर्णय ठीक होता, समोर बटलर होता इतकंच.

चकली_एक्स्टनवाली

आमच्या घरी तेव्हा पॉटलक होतं. मी बटाटेवड्यांचा शेवटचा घाणा काढत होते. बाहेरून आरडाओरडा आला, झारा हातात घेऊन पळत आले तर सगळे पुरुष एकमेकांच्या अंगावर. वडे काळे झाले. सामना रिप्लेमध्ये पाहिला, वडे रिप्लेमध्ये मिळत नाहीत.

कोपऱ्यावरचा

पायपोस, मी सातारचा. बारा वर्षं कबड्डी खेळलोय, डावा कोपरा. आता न्यू जर्सीत ट्रकच्या लॉजिस्टिक्समध्ये आहे. कॉर्नरबॅकला मराठी शब्द आयता आहे बगा: कोपरारक्षक. आणि काम पण तेच. मधल्यांना आजूबाजूला माणसं असतात, साखळी असते. कोपऱ्याला तू एकटा. चढाईवाला येतो त्याला ठाऊक असतं तो कुठं जाणार, तुला ठाऊक नसतं. तू उलटा सरकत असतोस आणि तो सरळ पळत असतो. तरी पोचायचं त्याच्या आधी.

त्यात इथले नियम रिसीव्हरच्या (पास झेलणाऱ्याच्या) बाजूचे. पूर्वी पिट्सबर्गचा मेल ब्लाउंट नावाचा कॉर्नर होता, रिसीव्हरला मैदानभर धक्के देत न्यायचा. १९७८ला नियमच केला की पहिल्या पाच यार्डांत काय हात लावायचा तो लावा, पुढं नाही. म्हणजे आमच्यात सांगितलं की चढाईवाल्याला मधल्या रेषेपाशी धरा, आत आला की नुसतं बघत राहा, तसं झालं.

आता बटलरचा तो चेंडू. मी तो शंभर वेळा बघितलाय. सिअ‍ॅटलचे दोन रिसीव्हर एकामागं एक उभे. पुढं कर्स, मागं लॉकेट. डाव असा की कर्सनं पुढच्याला अडवायचं, त्याच गर्दीत मागच्या कॉर्नरची वाट बंद व्हायची आणि लॉकेट आत तिरपा पळून मोकळा. पेट्रियट्सच्या ब्रँडन ब्राउनरनं काय केलं? कर्सच्या छातीवर हात ठेवले आणि जागचा हलू दिला नाही. वाट मोकळी राहिली. बटलर गोलरेषेच्या आत उभा होता, चेंडूकडे बघत नव्हता. दोघांची रचना बघितली, पास टाकणाऱ्या विल्सनची नजर बघितली, आणि चेंडू हातातून सुटायच्या वेळी हा निघालेला होता. लॉकेटच्या आधी पोचला. पकडला पण. तिथं नुसता थापटी मारून पाडला असता तरी शाबासकी मिळाली असती.

हे नशीब म्हणायचं असेल तर म्हणा.

वाचनखूण

@कोपऱ्यावरचा, दंडवत. वाखुसा (वाचनखूण साठवली).

स्नोशॉव्हेल

वरच्यात एक भर घालतो. त्या आठवड्यातल्या सरावात पेट्रियट्सच्या राखीव पोरांनी सिअ‍ॅटलचा हाच डाव बटलरवर चालवला होता. आणि बटलर हरला होता. तो गर्दीच्या मागून वळसा घालून गेला, पोचला उशिरा, टचडाउन (चेंडू गोलरेषेपार). कोचने तिथेच सांगितलं की इथे पुढून घुसायचं. मग सुपरबोलमध्ये तीच मांडणी समोर आली.

आणि तो तिथे कसा पोचला हेही बघा. मिसिसिपीतलं व्हिक्सबर्ग. कम्युनिटी कॉलेजच्या संघातून काढलेला, मग गावातल्या पॉपाईजमध्ये चिकन तळत होता. परत तेच कॉलेज, मग वेस्ट अलाबामा विद्यापीठ, जे इथल्या फुटबॉलवेड्यांनासुद्धा नकाशात शोधावं लागतं. २०१४च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघांच्या वार्षिक निवडीत, दोनशेछप्पन्न पोरं निवडली गेली, त्यात हा नाही. पेट्रियट्सने नुसतं 'येऊन दाखव' म्हणून बोलावलं. त्या सुपरबोलला तो पहिल्या फळीतलाही नव्हता, दुसऱ्या अर्धात आत आला.

मी त्या बुधवारी मिरवणुकीला गेलो होतो. मंगळवारी होती, बर्फामुळे एक दिवस पुढे ढकलली. कमरेएवढे ढिगारे, त्यावर चढून माणसं उभी. आमच्या क्वार्टरबॅकला (पास टाकणाऱ्याला), टॉम ब्रेडीला, सर्वोत्तम खेळाडू म्हणून एक ट्रक मिळाला होता, तो त्याने बटलरला देऊन टाकला.

ठोकळा

परदेशी खेळावर मराठी संस्थळावर इतकी चर्चा! इथे खो-खोच्या धाग्यावर चार प्रतिसाद आले होते, त्यातले दोन माझे.

निवांत

@ठोकळा, लिंक द्या, पाचवा मी देतो.

पायपोस

हे सगळं मान्य. पण मुद्दा राहतोच. उरलेली कारकीर्द कुठे आहे? एक दिवस पॉपाईज, एक दिवस आकाशात, आणि मग?

आकडेमोड

मग हे. २०१५ला पूर्ण मोसम पहिल्या फळीत, प्रो बोलला (लीगच्या निवडक खेळाडूंचा सामना) निवड. २०१६ला ऑल-प्रोच्या (मोसमातल्या सर्वोत्तमांच्या यादीच्या) दुसऱ्या संघात. त्याच मोसमात दुसरी सुपरबोल, अटलांटाविरुद्धची ३४-२८वाली. सगळी मिळून १७ इंटरसेप्शन, आणि ग्लेंडेलचं त्यात धरलेलंच नाही, कारण बाद फेरीचे आकडे वेगळे मोजतात. म्हणजे ज्या चेंडूने तो ओळखला जातो, तो त्याच्या कारकिर्दीच्या आकड्यातच नाही!

खेळाडूंच्या संघटनेच्या हिशेबाने या लीगमधली सरासरी कारकीर्द ३.३ वर्षांची. बटलर सात मोसम खेळला. ड्राफ्टमध्ये कोणी हात न लावलेल्या पोराला हे कमी वाटत असेल तर आमच्यासारख्यांनी नोकऱ्या सोडाव्यात.

चकली_एक्स्टनवाली

आणि २०१८चं कोणी बोलणार आहे की नाही? आम्ही फिलाडेल्फियावाले त्या बाबतीत पेट्रियट्सचे तेव्हाचे कोच बिल बेलिचिक यांचे कायमचे ऋणी आहोत.

स्नोशॉव्हेल

जखमेवर मीठ. ठीक आहे, सांगतो.

४ फेब्रुवारी २०१८, मिनियापोलिस. फिलाडेल्फिया ईगल्सविरुद्ध सुपरबोल. बटलर मोसमभर बचावातला जवळजवळ प्रत्येक स्नॅप (डाव) खेळलेला. सामना सुरू होतो आणि हा बाकावर. राष्ट्रगीताच्या वेळी रडताना कॅमेऱ्यात दिसला. एक स्नॅप मिळाला, तोही किकच्या वेळचा. बचावात शून्य. समोर निक फोल्स, म्हणजे मुळात राखीव क्वार्टरबॅक, ३७३ यार्ड फेकून गेला, वर स्वतः एक टचडाउन झेलला. ब्रेडीने ५०५ यार्ड फेकले तरी आम्ही ३३-४१ हरलो. आत सोडायलाच हवा होता की नाही? बेलिचिक म्हणाले, संघाच्या हिताचा निर्णय. संपलं. अफवा उठल्या, बटलरने त्या साफ नाकारल्या. धड कारण कोणीच दिलं नाही.

चकली_एक्स्टनवाली

त्या मोसमात आमच्याकडे लोक चढू नयेत म्हणून पोलिसांनी दिव्याच्या खांबांना वंगण फासलं होतं. तरी चढले. नवरा म्हणाला, आपण मल्लखांबाला एरंडेल मुद्दाम लावतो, यांना कोणी सांगितलंच नाही वाटतं.

ठोकळा

हहपुवा (हसून हसून पुरेवाट). बरं, माघार घेतो, चालू द्या.

हिंजवडी_नाईटशिफ्ट

@स्नोशॉव्हेल, मला यात काही गूढ वाटत नाही. त्याच्या आदल्या वर्षी मार्च २०१७मध्ये पेट्रियट्सने बाहेरून स्टीफन गिलमोरला पाच वर्षांसाठी ६५ मिलियनवर आणलं. घरच्या बटलरला एका वर्षाचे ३.९१ मिलियन. दोघं समोरासमोरच्या टोकांना उभे. काम तेच, डेस्क तेच, पगार वेगळा. आमच्यात बाहेरून आलेल्याला साठ टक्के जास्त देतात आणि जुन्याला 'यू आर व्हॅल्यूड' असा मेल. ज्याने हे भोगलंय त्याला राष्ट्रगीताचे अश्रू समजतील.

स्नोशॉव्हेल

पण गिलमोर चांगलाच निघाला, २०१९ला लीगचा सर्वोत्तम बचावपटू ठरला. पगाराबद्दल बेलिचिक चुकले नाहीत. त्या एका रात्रीबद्दल चुकले. या दोन गोष्टी वेगळ्या ठेवा.

आकडेमोड

असहमत. बाकावर बसवण्याचा दोष सगळा कोचचा कशावरून? त्या मोसमात बटलरचा खेळ घसरलेला होता, हे इथले पत्रकारही लिहीत होते.

कोपऱ्यावरचा

घसरला असंल. पण त्याच्या जागी जो उभा केला तो मार खातोय हे दिसतंय, पहिला अर्धा संपला, मधे अर्धा तास गाणीबजावणी झाली, तरी बदल नाही? गावच्या जत्रेतला कबड्डीचा पंच पण इतका हट्टी नसतो.

मीनाक्षी_टी

धागा वाचतेय आणि अवांतर होतंय, पण राहवत नाही. या जागेवर खेळणाऱ्यांमध्ये मला सगळ्यात थोर वाटतो तो डिक लेन, ज्याला 'नाईट ट्रेन' म्हणायचे. टेक्सासमधल्या ऑस्टिनला तान्हेपणी कचऱ्यात टाकून दिलेला. एला लेन नावाच्या विधवा बाईंना रडणं ऐकू आलं, त्यांना आधी वाटलं मांजर आहे. त्यांनी वाढवला. मोठेपणी विमानाच्या कारखान्यात तेलाने निथळणारे पत्रे उचलायचं काम, आणि ते नको म्हणून एक दिवस कात्रणांची वही बगलेत मारून लॉस एंजेलिस रॅम्सच्या कार्यालयात शिरला, मला खेळायचंय म्हणून.

१९५२च्या त्या पहिल्याच मोसमात १२ सामन्यांत १४ इंटरसेप्शन. आज सामने १७ असतात, पास जास्त टाकतात, तरी तो विक्रम जागचा हललेला नाही. सगळ्यात जवळ आला तो लेस्टर हेज, १९८० साली, १३. लेन समोरच्याला मानेला विळखा घालून पाडायचा, 'नेकटाय' म्हणायचे त्याला. पुढे तसं पाडणं नियमाबाहेर गेलं, म्हणजे याच्या नावावर विक्रमही आणि बंदीही. आणि लग्न कोणाशी, तर गायिका डायना वॉशिंग्टनशी! १९६३ला लग्न, त्याच वर्षी डिसेंबरात ती गेली.

पायपोस

@मीनाक्षी_टी, हे मुलाला वाचून दाखवणार आहे. बोलणं चालू झालं तर.

डॉक्टर_बाहेरगावचे

कोणी विषय काढला नाही म्हणून मी काढतो. पायपोस, तुमच्या मुलाने हा खेळ खेळावा का?

मी क्रीडावैद्यक करत नाही, साधा फिजिशियन आहे. पण डेव्ह ड्युअरसनचं नाव ऐका. शिकागो बेअर्सचा सेफ्टी, म्हणजे कॉर्नरच्याच मागच्या फळीतला, दोन सुपरबोल जिंकलेला. फेब्रुवारी २०११मध्ये त्याने जीव दिला आणि आपला मेंदू संशोधनासाठी द्यावा असं लिहून ठेवलं. बॉस्टन विद्यापीठाच्या संशोधकांना त्यात सीटीई सापडला. डोक्याला वर्षानुवर्षं बसलेल्या धक्क्यांचा आजार, आणि तो पक्का कळतो मृत्यूनंतरच. २०२३च्या जानेवारीत बफेलोच्या डामार हॅमलिनच्या छातीवर मार बसून हृदय बंद पडलं, मैदानावरच सीपीआर द्यावा लागला. तो वाचला, परत खेळलाही, कारण बाजूला प्रशिक्षित माणूस आणि यंत्र होतं. शाळेच्या मैदानावर ते यंत्र आहे का, एवढं तरी विचारून या.

चकली_एक्स्टनवाली

माझा मुलगा दोन वर्षं खेळला. दुसऱ्या वर्षी डोक्याला मार लागून पडला. घरी आला तेव्हा दुपारी काय जेवला ते आठवेना. शिरा खाल्ला होता, मीच डब्यात दिला होता. तिसऱ्या वर्षी मी सही केली नाही. चार महिने माझ्याशी बोलला नाही. आता बोलतो.

कोपऱ्यावरचा

डॉक्टरांचं खरं आहे. कोपऱ्याला हाणामारी कमी असा लोकांचा समज असतो. उलट कॉर्नर लांबून पळत येऊन आदळतो. पोराला पाडायला शिकवताना डोकं बाजूला ठेवायला शिकवतात का ते बगा. आमच्यात पण पट काढताना डोकं खाली गेलं की गुडघा कपाळात. मला टाके आहेत.

पायपोस

@डॉक्टर, विचारलं. यंत्र आहे, प्रत्येक सामन्याला ट्रेनर असतो. सराव जास्त करून अंगाला न भिडता घेतात म्हणे. तरी बायकोने चकलीताईंचा प्रतिसाद वाचला आणि आता आमच्या घरात दुसरं महाभारत सुरू आहे. धाग्याचे फायदे.

निवांत

पहिल्याचा निकाल काय लागला?

पायपोस

तीन दिवसांनी लिहितोय. परवा कोपऱ्यावरच्यांचा प्रतिसाद मुलाला मोठ्याने वाचून दाखवला. 'थापटी' म्हणजे काय विचारलं. मग लॅपटॉप घेऊन आला आणि म्हणाला, बाबा, तू चुकीचा चेंडू बघतोयस. त्याने त्याच्या दोन चेंडू आधीचा लावला. कर्सचा तो अचाट झेल: बटलरने चेंडू उडवलेला, कर्स पाठीवर पडलेला, चेंडू त्याच्या मांडीवर, पोटरीवर टप्पे खात हातात आला. पाच यार्डांवर. सगळं स्टेडियम डोकं धरून. "आता बटलरकडे बघ," म्हणाला. बटलर उडी मारून पडलेला, उठला, आणि कर्स उठून पळायच्या आत त्याला रेषेबाहेर ढकललं. मी हे इतक्या वर्षांत पाहिलंच नव्हतं. तिथे तो मान खाली घालून बसला असता तर पुढचा चेंडू आलाच नसता, टचडाउनच होता.

मग तो म्हणाला, कोच आम्हाला हेच दाखवतो, शेवटचा चेंडू दाखवतच नाही.

तर मी शब्द मागे घेतो. कसब्यातल्यांची पण माफी.

कसब्यातला

स्वीकारली. आता २०१०-११ची रणजी अंतिम लढत शोधून त्यालाही दाखवा.

आकडेमोड

पुढचं राहिलं म्हणून: २०१८ला टेनेसी टायटन्सशी पाच वर्षांचा ६१ मिलियनचा करार. खेळला तीन. इथे कागदावरचा आकडा आणि हातातला आकडा यात फरक असतो, संघाने काढलं की उरलेलं गेलं. २०२०ला चार इंटरसेप्शन, शंभर टॅकल (समोरच्याला पाडणं), तरी मार्च २०२१ला सोडला. ॲरिझोना कार्डिनल्सने घेतला, मोसमाच्या तोंडावर हा निवृत्त. २०२२ला परत पेट्रियट्समध्ये आला, दुखापत झाली, एकही सामना नाही. २०२४ला निवृत्ती जाहीर केली, पेट्रियट म्हणून.

स्नोशॉव्हेल

ज्या संघाने रडवला त्याच्याच नावाने.

हिंजवडी_नाईटशिफ्ट

आमचेही काही लोक परत आलेत, चाळीस टक्के जास्त घेऊन.

पायपोस_सौ

नमस्कार, नवीन सभासद आहे, खास या धाग्यासाठी खातं काढलंय. एक दुरुस्ती. आमच्या यांनी तो चेंडू लाइव्ह पाहिलेलाच नाही. कर्सने झेल घेतल्याबरोबर "संपलं, हरलो" म्हणून टीव्ही बंद केला आणि कचऱ्याचा डबा रस्त्यावर ठेवायला गेले, सोमवारी गाडी येते म्हणून. शेजारच्या घरातून आरडाओरडा ऐकू आला तेव्हा हे बर्फात डबा ओढत होते. मुलगा तेव्हा पाच वर्षांचा, सोफ्यावर झोपलेला. त्याला हे आज सकाळी कळलं, माझ्याकडून.

निवांत

पॉपकॉर्न संपले. आणून येतो, कोणी काही लिहू नका.